हिस्सा नंबर दोन

नोटीस आली तेव्हा टिपणीस सर दाढी करत होते. अर्धा गाल साबणात ठेवूनच त्यांनी शिपायाच्या वहीत सही केली, शिपाई जिना उतरून गेला, मग चष्मा शोधून त्यांनी कागद खिडकीपाशी नेला. श्री. शरच्चंद्र टिपणीस यांनी मौजे राहनाळ येथील आपल्या मालकीच्या हिस्सा नंबर दोन या जमिनीवर कोणतीही परवानगी न घेता पक्के घर बांधले असून ते त्यांनी पंधरा दिवसांच्या आत स्वखर्चाने पाडून टाकावे, असं त्यात लिहिलं होतं. सरांनी ते दोनदा वाचलं. गालावरचा साबण सुकून कातडी ओढायला लागला. त्यांनी घर बांधलेलं नव्हतं. दोन हजार एक सालापासून, म्हणजे चार वर्षं, ते फक्त घर बांधायची परवानगी मागत होते आणि तहसील कचेरीतून दर दोन-तीन महिन्यांनी एखादा नवा दाखला जोडावा असं उत्तर येत होतं. पण गंमत अशी की पहिल्यांदा त्यांना राग आलाच नाही. पहिल्यांदा त्यांच्या मनात आलं ते एवढंच, की म्हणजे झालं बांधून? एक क्षणभर छातीत काहीतरी हलकं, गार सुटल्यासारखं झालं, परीक्षेचे पेपर तपासून संपल्यावर व्हायचं तसं. मग त्यांना स्वतःचीच लाज वाटली आणि ते उरलेली दाढी करायला गेले.

नोटिशीच्या मागच्या पानावर घराचं वर्णन होतं. तळमजला अधिक एक मजला. दर्शनी बाजूस, रस्त्याकडे, लोखंडी कठड्याची गॅलरी. डाव्या अंगास बाहेरून जिना. भिंतींस पिस्ता रंग. छतावर पाण्याची काळी टाकी. ज्याने कोणी हे लिहिलं होतं तो मनापासून बघणारा माणूस होता. सरांच्या स्वतःच्या नकाशात, जो कचेरीत चार वर्षं पडून होता, गॅलरी नव्हती. ती त्यांनीच खोडली होती, कारण गॅलरीमुळे आणखी एक त्रुटी निघेल असं त्यांना कोणीतरी सांगितलं होतं. माधवीबाईंना तेवढी एकच गोष्ट हवी होती. त्यांनी ओल्या हातांनी कागद घेतला, शांतपणे वाचला आणि विचारलं की गॅलरी रस्त्याकडे म्हणजे सकाळचं ऊन येत असेल का. सर म्हणाले की असं घरच नाहीये. त्या म्हणाल्या, ते मला कळलं, मी फक्त विचारलं. मग थोड्या वेळाने स्वयंपाकघरातून म्हणाल्या की पिस्ता रंग त्यांना चालला असता.

एकतीस वर्षं ही दोघं भिवंडीत एका लूमच्या कारखान्यावरच्या दोन खोल्यांत भाड्याने राहत होती. खाली दोन शिफ्टमध्ये माग चालत. सर शाळेत भूगोल शिकवायचे आणि निवृत्त होऊन दोन वर्षं झाली तरी घरात मोठ्याने, तोंड मागच्या बाकाकडे केल्यासारखं बोलायचे. त्या खडखडाटात एकमेकांशी बोलायचा दुसरा मार्गच नव्हता. लग्न होऊन गेलेली मुलगी, अदिती, फोनवर म्हणायची की बाबा, तुम्ही ओरडता. नोटिशीची बातमी खाली कारखान्यात कशी पोचली देव जाणे, पण संध्याकाळी दूध आणायला उतरल्यावर दारात बिडी ओढत बसलेल्या, माग दुरुस्त करणाऱ्या जॉबरने त्यांना हटकलं, “सर, मकान बन गया और मिठाई भी नहीं?” सर हसले. जिना चढताना त्यांना जाणवलं की आपण नाकारायला हवं होतं, आणि नाकारलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते शेअर रिक्षाने राहनाळला गेले. घर नाही याची खात्री करायला. रिक्षात गुडघे जवळ घेऊन बसल्या बसल्या त्यांना कळत होतं की हे हास्यास्पद आहे. स्वतःच्या जागेवर घर नाही हे माणसाला ठाऊक असतं. तरी गोदामांची रांग आणि उभे कंटेनर संपून गाव लागलं तसे ते सीटच्या कडेला सरकले. वळणावर त्यांनी मान लांब केली. जागा होती तशीच होती. तारेचं कुंपण, रविवारी येऊन ते पाणी घालत ते दोन नारळ, मधे वाढलेलं गवत, पलीकडे उतारावर खाडीची ओल. घर नव्हतं. त्यांना सुटल्यासारखं वाटलं आणि लगेच त्याच्याखालून एक बारीकशी निराशा वर आली. मग त्यांनी मान वळवली. त्यांच्या जागेला लागून, रस्त्याच्या बाजूला, तुळशीरामचं घर उभं होतं. तळमजला अधिक एक मजला, डाव्या अंगाला जिना, काळी टाकी. पिस्ता रंग. दर रविवारी ते हे घर बघत होते, पण कागदावर वाचताना ओळखलं नव्हतं. गॅलरीत तुळशीरामची आई, आक्का, पाय पसरून बसली होती आणि सुपातल्या सुक्या करंदीतला, म्हणजे बारीक कोलंबीतला, कचरा काढत होती.

ही जमीन त्यांना तुळशीरामनेच विकली होती. बापाच्या मागे दोन तुकडे राहिले होते, हिस्सा एक आणि हिस्सा दोन. दोन नंबर त्याने सरांना दिला आणि एक नंबरवर, आक्काचं जुनं घर रस्ता रुंद करताना गेल्यावर, दोन वर्षांपूर्वी हे घर बांधलं. परवानगी त्याने मागितली नव्हती. गावात कोणीच मागत नसे. सरांना वाटलं, सगळं स्पष्ट आहे: बघणारा माणूस चांगला बघणारा होता, पण नंबर लिहिताना चुकला. एकऐवजी दोन. शाळेत असते तर त्यांनी लाल पेनने गोल केला असता. पण इथे गोल करायचा म्हणजे तुळशीरामच्या घराभोवती करायचा. माझं नाही म्हणताना ते कोणाचं, हे बोट आपोआप दाखवलं जाणार. त्यांनी तुळशीरामला अंगणात बसून नोटीस वाचून दाखवली. तो एका गोदामात सुपरवायझर होता, ड्युटीवर निघायच्या घाईत होता, तरी शेवटपर्यंत उभा राहून ऐकलं. मग म्हणाला, “सर, तुमी खरं हाय तेच सांगा. आमचं काय व्हायचं तं होईल.” आक्काने वरून विचारलं की मास्तर चहा घेतो का. सर चहा न घेता निघाले आणि दिवसभर त्यांना चहा न घेतल्याचं वाईट वाटत राहिलं.

वकील त्यांनी केला तो केसरीनाथ. गावातलाच, उंच, नेहमी आनंदी. घर नसलेल्या माणसाला घर पाडायची नोटीस, असा दावा वकिलाला जन्मात एकदा मिळतो असं तो म्हणाला आणि त्याने सरांना रिकाम्या जागेत, दोन नारळांच्या मधे, त्या दिवसाचं वर्तमानपत्र छातीशी धरून उभं केलं आणि फोटो काढले. फोटोत सर पकडलेल्या माणसासारखे दिसत होते. दाव्यात त्याने लिहिलं की वादीच्या जमिनीवर कोणतेही बांधकाम नाही व कधीही नव्हते, आणि सरांनी शपथेवर सही केली. बाजूचं घर कोणाचं हे लिहायला सरांनी मनाई केली. आपल्यापुरतं बोलू, ते म्हणाले. तर कचेरीच्या वकिलाने घराचे फोटो दाखल केले, चारी बाजूंनी काढलेले. एका फोटोत आक्काही होती. कोर्टासमोर एका बाजूला घर नसल्याचे फोटो आणि दुसऱ्या बाजूला घर असल्याचे फोटो आले, आणि जागेची मोजणी होईपर्यंत कोणी काही पाडू नये असा हुकूम झाला.

मोजणीची तारीख चार महिने मिळाली नाही. त्या चार महिन्यांत सरांच्या मनात एक गोष्ट चोरून सुरू झाली, आणि ती ते माधवीबाईंनाही सांगू शकले नसते. ते नोटिशीतल्या घरात राहायला लागले. आधी जिन्यावर. वाचनालयात पेपर तोंडासमोर धरून ते बाहेरचा जिना चढायचे; किती पायऱ्या ते नोटिशीत नव्हतं, त्यांनी चौदा धरल्या. मग वरच्या खोलीत त्यांनी पुस्तकांचं कपाट ठेवलं, ते खिडकीला आडवं आलं म्हणून हलवलं. खाली पाहुण्यांसाठी बाक. आपल्या स्वतःच्या मंजूर न झालेल्या नकाशात त्यांनी कधीच असं सामान मांडलं नव्हतं. तिथे प्रत्येक भिंतीपाशी एखादा दाखला आडवा यायचा. या घराला मात्र सरकारनेच खात्रीपूर्वक उभं केलं होतं, शिक्क्यासकट. एकदा कोर्टाच्या बाकावर तारखेची वाट बघताना त्यांच्या लक्षात आलं की केसरीनाथ त्यांच्या घर नसण्याबद्दल तावातावाने बोलतोय आणि आपण मनात गॅलरीच्या कठड्याला रंग देतोय. त्यांनी दचकून हात मांडीवर ठेवले.

मोजणीदार आला तो मार्चातल्या एका सकाळी, टेबल, दुर्बीण आणि साखळी घेऊन. तरुण, कमी बोलणारा माणूस. सर, माधवीबाई, केसरीनाथ, तुळशीराम, कचेरीचा एक कारकून, सगळे गवतात उभे. सरांनी आपल्या पिशवीतून जमीन घेतली तेव्हाचा जुना नकाशा काढून दिला, शिक्षकी सवयीने घडी सरळ करून, अक्षरं वाचता येतील असा. वर हिस्सा एक, खाली हिस्सा दोन. मोजणीदाराने तो बघितला, डोळे बारीक केले, आणि कागद उलटा फिरवला. आता अक्षरं उलटी होती आणि दोन नंबर वर होता. कोपऱ्यातल्या गोल शिक्क्याखाली, शाईत जवळजवळ बुडालेला, एक बाण होता. “उत्तर अशी आहे,” तो म्हणाला. कोणालाच त्यात काही वाटलं नाही. फक्त सरांच्या कानशिलांपर्यंत एकदम ऊन चढलं.

कारण तो दिवस त्यांना आता दिसला, कोणीतरी भिंतीवर तक्ता उलगडावा तसा. हीच जागा, पाच वर्षांपूर्वी. शाळेच्या प्रयोगशाळेतून आणलेलं होकायंत्र त्यांच्या तळहातावर. मोजणीवर कशाला खर्च, ते म्हणाले होते, आयुष्यभर नकाशे शिकवले ते कशासाठी. तुळशीराम म्हणाला होता, भीत भीत, की सर, बापूस म्हनायचा दोन नंबर रस्त्याला लागून हाय. चांगला तुकडा, रस्त्याकडचा, आणि त्याने तो स्वतःहून त्यांचा म्हणून सांगितला होता. आणि सर हसले होते. ते हसू त्यांना आठवलं, नववीच्या वर्गात चुकीचं उत्तर देणाऱ्या मुलासाठी राखून ठेवलेलं ते मायाळू हसू. “नकाशात उत्तर नेहमी वर असते, तुळशीराम,” ते म्हणाले होते, आणि होकायंत्राच्या सुईकडे, मग कागदाकडे, मग हात लांब करून खाडीकडे बोट दाखवलं होतं. दोन नंबर तो. त्यांच्या बोटावर विश्वास ठेवून तुळशीरामने तार ओढली, दुसऱ्या तुकड्यावर घर बांधलं, आईला आणलं. पस्तीस वर्षांच्या नोकरीत सरांनी दर जूनमध्ये मुलांना सांगितलं होतं की नकाशा वाचताना आधी दिशादर्शक बाण बघा.

दुपारपर्यंत साखळी फिरली. हद्दीचा जुना दगड तुळशीरामच्या मागच्या अंगणात, मोरीजवळ सापडला. त्यावर आक्का भांडी घासायची. मोजणीदाराने दुर्बिणीची पेटी बंद केली आणि सांगितलं की घर पूर्णपणे दोन नंबरात आहे, कचेरीची नोटीस बरोबर आहे, आणि सर ज्या नारळांना पाणी घालतात ते एक नंबरात, म्हणजे तुळशीरामचे आहेत. माधवीबाई सरांच्या कानाशी येऊन हळूच म्हणाल्या, “म्हणजे गॅलरी आपली?” त्यांच्या आवाजात हाव नव्हती, नुसतं आश्चर्य होतं. वरून आक्काने सगळं ऐकलं होतं. ती कठड्याला धरून उठली आणि साधेपणाने, चहाचं विचारावं तसं विचारलं, “मग मास्तर, आमाला कवा निगायचं?”

केसरीनाथने दुसऱ्या दिवशी सरांना आपल्या खोलीत बसवून दार लावलं. तो पुन्हा आनंदी झाला होता. आता दावा वेगळा, तो म्हणाला. हद्द तुळशीरामने दाखवली असं आलं तर त्याने जाणूनबुजून तुमच्या जागेत घर घातलं, असं उभं करता येतं. रस्त्याकडची जागा तुमचीच, वर तो घर सोडून जाईल. ते विनापरवाना घर नियमित करायचा अर्ज आपण करू. सरांनी विचारलं की तो असं म्हणेल का. केसरीनाथ म्हणाला, तो म्हणतोच आहे. काल माझ्याकडे येऊन म्हणाला की सरांनी शपथेवर घर नाही म्हणून लिहिलंय, त्यांना त्रास नको, हद्द मीच दाखवली म्हणून सांगतो. तुम्ही फक्त गप्प राहायचं. सर गप्पच बसले, आणि त्यांना भीती वाटली की गप्प बसणं आपल्याला किती चटकन जमलं. घरी परत येताना रिक्षात ते पुन्हा चौदा पायऱ्या चढले. वरच्या खोलीत आक्काचा बिछाना होता, तो त्यांनी मनात गुंडाळून बाजूला ठेवला, आणि तसा ठेवल्याबरोबर त्यांनी रिक्षा थांबवली आणि ते गोदामाच्या भिंतीला धरून उभे राहिले. ड्रायव्हरने पाणी दिलं.

तारखेच्या सकाळी माधवीबाई त्यांच्या सदऱ्याला इस्त्री करत होत्या. केसरीनाथ काय म्हणाला ते सरांनी त्यांना सांगितलं नव्हतं, पण खालच्या मागांच्या आवाजातही त्यांना न सांगितलेलं ऐकू येत असे. कॉलर दाबता दाबता त्या म्हणाल्या, “त्या दिवशी मीपण होते ना तिथे? होकायंत्राची डबी मी धरली होती.” सर हो म्हणाले. मग त्यांनी सदरा हँगरला लावला आणि आपली कोर्टात जायची साडी काढली.

तुळशीराम साक्षीला उभा राहिला तेव्हा त्याने गोदामाचा युनिफॉर्म घातला होता, कारण तिथूनच आला होता. हद्द कोणी दाखवली असं विचारल्यावर त्याने सरांकडे न बघता सांगितलं की मीच दाखवली. कशावरून, असं विचारलं तेव्हा तो अडखळला. म्हणाला, अंदाजान्. लेखनिकाची बोटं टाइपरायटरवर चालली. सरांना जाणवलं की आता ते वाक्य कागदावर जातंय, आणि एकदा कागदावर गेलेलं या गावात कोणी खोडू शकत नाही. चार वर्षांत ते एवढं तरी शिकले होते. ते उठून उभे राहिले. केसरीनाथने त्यांचा सदरा मागून ओढला. सर मोठ्याने, मागच्या बाकापर्यंत जाईल अशा आवाजात म्हणाले, “हद्द मी दाखवली. नकाशा मी उलटा धरला होता. हा मला बरोबर सांगत होता, मी ऐकलं नाही.”

न्यायाधीशांनी चष्म्यावरून बघितलं आणि विचारलं, “आपण काय करत होता?”

“भूगोल शिकवत होतो,” सर म्हणाले.

मागे कोणीतरी हसलं, मग आणखी कोणी, आणि लेखनिकाने मान खाली घातली. सरांना वाटलं होतं की या क्षणी आपण मरून जाऊ. तसं झालं नाही. उलट हसू खोलीभर पसरत असताना त्यांना आतून एक विचित्र मोकळेपणा आला, आणि त्यांच्या लक्षात आलं की आपणही हसतोय, तोंड दाबून, आणि तिकडे तुळशीरामही. फक्त केसरीनाथ गंभीर होता. न्यायाधीशांनी सगळ्यांना शांत बसवलं आणि सरांचं म्हणणं लिहून घ्यायला सांगितलं, नकाशा उलटा धरल्यासकट.

निकाल साधा होता. चूक प्रामाणिक होती, दोघांनी आपसात तुकड्यांची अदलाबदल करून घ्यावी, आणि कचेरीने पाडण्याआधी घर नियमित करता येतं का ते ठरवावं. अर्ज जमिनीच्या मालकाने करायचा होता, आणि कागदावर मालक सर होते. त्यांनी अर्ज केला. आठ महिन्यांनी, माधवीबाईंनी आशा सोडल्यावर, तोच शिपाई जिना चढून आला. श्री. शरच्चंद्र टिपणीस यांच्या राहत्या घरास, तळमजला अधिक एक मजला, गॅलरीसह, मंजुरी देण्यात येत आहे. सरांना आयुष्यात पहिल्यांदा परवानगी मिळाली होती, आणि ती आक्काच्या घराला मिळाली होती. माधवीबाईंनी कागद देवापुढे ठेवला आणि थोड्या वेळाने, इतर कागदांत हरवू नये म्हणून, प्लास्टिकच्या पिशवीत घातला. सरांच्या स्वतःच्या घराचा अर्ज आता हिस्सा नंबर एकसाठी नव्याने करावा लागणार होता, पहिल्या दाखल्यापासून.

अदलाबदलीचा दस्त नोंदवायची वेळ मिळाली ती एका बुधवारी, दुपारी चारची. आक्काचाही अंगठा लागणार होता, म्हणून सर आणि माधवीबाई सकाळीच राहनाळला गेले, सगळे मिळून रिक्षाने जायचं ठरवून. आक्का म्हणाली की जेवल्याशिवाय कुठे न्हाय. तिने मासळीचं, वाकट्यांचं कालवण आणि तांदळाच्या भाकऱ्या केल्या होत्या. सर दारातच चपला काढून घुटमळले. इतक्या वर्षांत ते अंगणापलीकडे कधी आले नव्हते. आक्का म्हणाली, “आत ये, मास्तर. संध्याकाळपर्यंत तुजाच घर हाय, लाजतो कशाला.” जेवण झाल्यावर माधवीबाई गॅलरीत जाऊन बसल्या. सर जिना चढले. पायऱ्या बारा निघाल्या. वरच्या खोलीत खिडकी होती, पण त्यांनी मांडली होती त्या भिंतीत नव्हे, आणि तिथे पुस्तकांचं कपाट ठेवलं तर दार उघडलं नसतं. भिंतीला हात लावला तर बोटांना पिस्ता रंगाची पूड लागली. कोपऱ्यात चटई अंथरलेली होती. पाच मिनिटं, ते स्वतःशी म्हणाले.

जाग आली तेव्हा, किंवा अर्धी जाग, ऊन भिंतीवरून खाली आलं होतं आणि जिन्यात कुजबुज चालली होती. तुळशीराम म्हणत होता की साडेतीन वाजून गेले, चारला नाव पुकारतील, सरांना उठवायला पाहिजे, पण कसं उठवायचं. माधवीबाई काहीतरी हळू म्हणाल्या. मग आक्काचा आवाज आला, जवळून, दारातूनच, “झोपू दे त्याला. त्याच्या घरात झोपलाय.” सरांनी ते स्वच्छ ऐकलं. त्यांनी डोळे उघडले नाहीत, फक्त कूस बदलली, भिंतीकडे तोंड केलं आणि श्वास गाढ झोपलेल्या माणसासारखा, संथ, लांब सोडला.